घासलेटचा डबा

(कळंब येथील वार्षिक स्मृती-व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मुद्रित पाठ)



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला भरते, त्यांच्याविषयी बोलण्याचा पहिला अधिकार त्यांच्या विद्यार्थ्यांचा, आणि तो त्यांनी माझ्याआधी येथे उभे राहून उत्तम रीतीने बजावला आहे. त्यांच्या भाषणांतली एक गोष्ट माझ्या विशेष ध्यानात राहिली. इतिहासाच्या तासाला राजांच्या वंशावळी म्हणवून घेतल्या, की गुरुजी मुलांना विचारीत : या राजाच्या प्रजेच्या घरात तिन्हीसांजेला दिवा कशाचा लागत होता आणि पाणी कशात भरत होते? प्रश्न दिसायला बाळबोध आहे, परंतु त्याचे उत्तर मामलेदार कचेरीच्या दफ्तरात सापडत नाही. कारण दफ्तर लिहिणाऱ्या कारकुनाला सारा, जकात आणि थकबाकी यांच्याशी कर्तव्य असते, आणि रयतेच्या पडवीत कोणते भांडे पालथे पडले आहे याची नोंद करण्याचा हुकूम त्याला कोणत्याच सरकारने कधी दिलेला नसतो. गुरुजींच्या त्या प्रश्नाचाच धागा धरून मी आज बोलणार आहे.

वसई तालुक्यात इतिहासावर बोलायला उभा राहणारा मनुष्य शूर्पारकाच्या स्तूपाविषयी, १५३४ पासून १७३९ पर्यंत पोर्तुगिजांच्या अंमलाखाली राहिलेल्या वसईविषयी किंवा चिमाजी अप्पांच्या मोहिमेविषयी बोलेल, अशी श्रोत्यांची रास्त अपेक्षा असते. त्या विषयांवर अधिकारी पुरुषांनी पुष्कळ लिहिले आहे. मी निवडलेला विषय मात्र आपल्यापैकी वडीलधाऱ्या प्रत्येकाने हाताळलेला, आणि हाताळला म्हणूनच ज्याच्याकडे कोणी निरखून पाहिले नाही, असा आहे. तो म्हणजे घासलेटचा चौकोनी डबा.

प्रथम ही वस्तू डोळ्यांसमोर आणू. साडेनऊ इंचांच्या आसपास चौरस तळ, चौदा इंचांच्या आसपास उंची, आणि पोटात सुमारे अठरा-एकोणीस लिटर, म्हणजे जुन्या मापाने चार गॅलन आणि वर थोडे, एवढा ऐवज. अंग पातळ लोखंडी पत्र्याचे. त्यावर गंज धरू नये म्हणून कथलाचा मुलामा. कडा एकमेकींत दुमडून, ठोकून, त्या दुमडीवरून डाख ओघळू दिलेला, की ज्यामुळे पाण्यापेक्षाही चोरटे असे ते तेल बाहेर पाझरू नये. माथ्यावर ओतण्यासाठी एक वाटोळे तोंड, त्यावर चकती, उचलण्यासाठी तारेची कडी, आणि तळावर किंवा माथ्यावर ठशाने उठवलेले कंपनीचे नाव. अशा दोन डब्यांची एक लाकडी पेटी होत असे, आणि अशा पेट्यांच्या थप्प्यांनी भरलेली जहाजे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात न्यूयॉर्कहून आणि फिलाडेल्फियाहून निघून अर्ध्या पृथ्वीला वळसा घालून मुंबईच्या धक्क्याला लागत.

डब्यापूर्वी आपल्याकडे साठवणीची साधने नव्हती असे कोणी म्हणणार नाही. धान्याला कणगी, पाण्याला रांजण आणि हंडा, तेलातुपाला कातड्याचे बुधले, मिठाला मातीची भांडी : प्रत्येक जिनसाला आपापले पात्र होते आणि प्रत्येक पात्रामागे बुरूड, कुंभार, तांबट असा एकेक कारागीर उभा होता. आपल्या शेजारच्या सोपाऱ्यात, म्हणजे जुन्या शूर्पारकात, तर पात्राला मिळालेल्या सर्वोच्च प्रतिष्ठेचा पुरावाच सापडला आहे. १८८२ च्या एप्रिलमध्ये पंडित भगवानलाल इंद्रजींनी तेथल्या ज्या टेकाडात स्तूप उकरला, त्या टेकाडाला गावकरी बुरूड राजाचा कोट म्हणत असत; टोपल्या विणणाऱ्या जातीच्या राजाचा कोट. त्या स्तूपाच्या गर्भात एक मोठी दगडी पेटी निघाली. तिच्यात तांब्याचा करंडक आणि त्याच्याभोवती बुद्धांच्या आठ लहान मूर्ती होत्या. तांब्याच्या करंडकात रुप्याचा, रुप्याच्या आत हिरवट पाषाणाचा, पाषाणाच्या आत स्फटिकाचा आणि स्फटिकाच्या आत सोन्याचा, असे एकात एक करंडक बसवलेले होते. आणि सर्वांत आतल्या त्या सोन्याच्या करंडकात काय होते? मातीच्या भांड्याचे काही तुकडे. भगवान बुद्धांच्या भिक्षापात्राचे म्हणून श्रद्धेने जपलेले. जगातले कोणतेही भांडे याहून अधिक मानाने ठेवले गेले असेल असे मला वाटत नाही. हे सारे करंडक मुंबईच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहात गेले, आणि त्याच सुमारास, त्याच शहराच्या बंदरात, परदेशी पत्र्याचे ते अनामिक डबे हजारांनी उतरत होते, ज्यांची दखल कोणत्याही पंडिताने घेतली नाही.

त्या डब्यांत काय होते हे थोडक्यात सांगतो. नोव्हा स्कोशियातले अब्राहम गेस्नर यांनी १८४६ मध्ये खनिज पदार्थांपासून दिव्याचे स्वच्छ तेल काढून दाखवले. १८५९ च्या ऑगस्टमध्ये पेनसिल्व्हेनियातल्या टायटसव्हिल गावी एडविन ड्रेक यांच्या विहिरीला तेल लागले. १८७० मध्ये जॉन रॉकफेलर यांची स्टँडर्ड ऑइल कंपनी उभी राहिली, आणि पुढच्या दहा-वीस वर्षांत करंज, उंडी, खोबरे, एरंड आणि करडई यांच्या तेलांवर शतकानुशतके मिणमिणणाऱ्या आपल्या पणत्या-दिवट्यांना असा स्वस्त प्रतिस्पर्धी मिळाला, की त्याचा वास, त्याची काजळी आणि त्याचे भय या तिन्हींसह लोकांनी त्याला घरात घेतले. भयाचा उल्लेख मी अलंकारासाठी करत नाही. निकृष्ट तेल भडका घेई, आणि म्हणूनच सरकारला १८८६ मध्ये, पुन्हा १८९९ मध्ये आणि पुन्हा १९३४ मध्ये पेट्रोलियमचा कायदा करावा लागला. पुढे याच तेलाने किती घरांतल्या किती लेकीसुनांचे प्राण घेतले, हे आठवल्यावाचून या डब्याचा इतिहास प्रामाणिकपणे सांगता यायचा नाही.

तेल डब्यात का भरले गेले, हे मात्र नीट समजून घेण्याजोगे आहे. आरंभी ते लाकडी पिंपांतून पाठवीत. परंतु उष्ण कटिबंधातून महिनोन्महिने प्रवास करताना पिंपांच्या फळ्या सुकत, सांधे उघडे पडत आणि तेल जहाजाच्या तळात झिरपे. शिवाय वाटोळी पिंपे एकावर एक रचली की मध्ये जी रिकामी जागा उरते, तिचेही भाडे व्यापाऱ्याला भरावे लागे. चौकोनी डबा चौकोनी पेटीत घट्ट बसतो, पेटी पेटीला भिडते, आणि जहाजातली वीतभर जागाही फुकट जात नाही. न्यूयॉर्कजवळच्या डेव्हो कंपनीच्या कारखान्यात हे डबे यंत्रांवर बनू लागले, आणि त्यांचा पत्रा बहुतांशी साउथ वेल्समधल्या गिरण्यांतून येई. म्हणजे वेल्समध्ये कथलाने मढवलेला पत्रा अमेरिकेत जाऊन डबा होई, पेनसिल्व्हेनियातले तेल पोटात घेऊन तो मुंबईस येई, आणि तेथून आगगाडीने किंवा गलबताने किनाऱ्याकिनाऱ्याने गावोगावच्या दुकानांत पोहोचे. मुंबई-बडोदे रेल्वे आपल्या या भागातून १८६४ मध्येच अहमदाबादपर्यंत जोडली गेली होती, आणि १८६७ पासून विरारहून मुंबईस रोजची गाडी सुरू झाली होती. तेव्हा नव्या मालाला वाट तयार होती.

कंपनीच्या हिशेबी हा डबा वेष्टन होता. तेल विकले, पैसे वसूल झाले, की डब्याशी तिचा संबंध संपला. गिऱ्हाइकाच्या हिशेबी मात्र कारभार येथून सुरू होत असे.

दुकानदार तेल पावशेर-अच्छेराने विकी आणि रिकामा डबा वेगळ्या किमतीला विकी. त्या रिकाम्या डब्याला गिऱ्हाईक आधीपासून सांगून ठेवलेले असे. घरी आणल्यावर पहिले काम वास घालवण्याचे. आत गवताची किंवा पेंढ्याची चूड पेटवून टाकायची, मग राख आणि चिंचेने घासायचे, सोड्याच्या पाण्याने विसळायचे, आठ-आठ दिवस उन्हात पालथा घालायचा, आणि तरीही पहिला महिना त्यात पिण्याचे पाणी भरायचे नाही, असा शिरस्ता होता. पाण्याच्या डब्यासाठी माथा छिनीने कापून काढीत. कापलेली धार हात चिरते, म्हणून ती आतल्या बाजूला वळवून लाकडी हातोडीने बसवीत. मग तोंडावर आडवा दांडा घालून दोन्ही बाजूंनी पत्र्यातून खिळे मारीत. असे दोन डबे कावडीला लावले की जवळजवळ छत्तीस किलो पाणी एका खेपेत घरी येई. मातीचा घडा ठेच लागली की संपला, तांब्याचा हंडा गरिबाच्या आवाक्याबाहेर. या दोघांच्या मधली मोकळी जागा या पत्र्याच्या डब्याने व्यापली, आणि पाणी वाहणाऱ्या बाईच्या दृष्टीने पाहिले तर ही गोष्ट लहान नव्हती.

पाण्याचा झाला एक प्रकार. झाकणासह राखलेला डबा दळणाचा होई. उंदीर आणि दमट हवा या किनाऱ्यावरच्या दोन मोठ्या शत्रूंपासून पीठ, डाळ, पोहे, सुके बोंबील आणि जवळा राखायला त्याच्यासारखे दुसरे भांडे नव्हते. वाडीत रहाटाच्या माळेवर पूर्वी मातीची गाडगी बांधीत, तेथे पुढे पत्र्याचे डबे आले. होडीच्या तळाशी साचलेले पाणी उपसायला अर्धा कापलेला डबा, बागाईतदाराला रोपे घालायला तळाला भोके पाडलेला डबा, चुन्याचा डबा, डांबराचा डबा, न्हाणीघरातल्या चुलीवर काळाठिक्कर पडलेला ऊन पाण्याचा डबा. आणि अंगणात वृंदावन बांधण्याची ऐपत नसलेल्या बिऱ्हाडात तुळशीचा डबा. पूर्ण डबा निकामी झाला की पत्र्याचे काम करणारा कारागीर त्याच्यावर हात टाकी. पत्रा सपाट करून, कातरून, नवसागर लावून आणि तापलेल्या सळईने डाख वितळवून तो त्यातून नरसाळे, किसणी, चाळण, मापटे, आतून माती लिंपलेली शेगडी आणि वातीची चिमणी बनवी. ज्या डब्यातून तेल आले त्याच डब्याच्या तुकड्याचा दिवा करून त्यात तेच तेल जाळावे, असा हा व्यवहार होता. शेवटी उरलेला, गंजून चाळण झालेला पत्रा पावसाळ्यात गळत्या कौलाखाली सरकवीत किंवा कोंबड्यांच्या खुराड्याला ठोकीत. एका वस्तूचे इतके जन्म मी दुसऱ्या कोणत्याही भांड्याच्या बाबतीत पाहिलेले नाहीत.

आता मी या व्याख्यानाच्या मुख्य प्रसंगाकडे येतो. आणि तो प्रसंग समुद्रकाठच्या गावात सांगायला मला विशेष आनंद वाटतो, कारण त्यात शंखशिंपल्यांचाही भाग आहे.

लंडनमध्ये मार्कस सॅम्युअल नावाचे एक व्यापारी होते. त्यांच्या वडिलांचा, ज्यांचे नावही मार्कसच होते, धंदा पूर्वेकडून शिंपले मागवून त्यांनी मढवलेल्या लहान लहान पेट्या विकण्याचा. समुद्रकाठच्या सहलीला गेलेल्या मुली आठवण म्हणून त्या पेट्या विकत घेत. म्हणजे घराण्याचे भाग्य उघडले ते डब्यांनीच. मुलाने मात्र तेलाच्या व्यापारात पडायचे ठरवले. अमेरिकेच्या तेलाला तोडीस तोड असे तेल कास्पियन समुद्राकाठी बाकूला निघत होते. १८८३ मध्ये बाकूहून काळ्या समुद्रावरच्या बाटूम बंदरापर्यंत आगगाडी झाली होती. सॅम्युअल यांचा बेत असा : डबे आणि पेट्या यांचा सारा खर्च वाचवून तेल थेट जहाजाच्या पोटातल्या टाक्यांत भरायचे, सुएझ कालव्यातून आणायचे, पूर्वेकडच्या बंदरांवर मोठ्या टाक्यांत उतरवायचे आणि तेथून सुटे विकायचे. स्फोटाच्या भयाने कालव्याचे अधिकारी अशा जहाजांना परवाना देत नव्हते, म्हणून सॅम्युअल यांनी नव्या, अधिक सुरक्षित रचनेचे जहाज बांधवून घेतले. त्याचे नाव ‘म्युरेक्स’. आपल्या किनाऱ्यावरही सापडणाऱ्या काटेरी शंखांच्या एका कुळाचे नाव. १८९२ च्या ऑगस्टमध्ये बाटूमचे सुमारे ४,००० टन घासलेट घेऊन हे जहाज सुएझ कालव्यातून पार झाले आणि सिंगापूर व बँकॉकच्या दिशेने गेले. त्याच्या मागोमाग आलेल्या जहाजांनाही शंखशिंपल्यांचीच नावे दिली गेली, आणि १८९७ मध्ये स्थापन झालेल्या कंपनीचेही नाव पडले शेल.

या जहाजांत आणखी एक सोय होती, आणि ती मला फार अर्थपूर्ण वाटते. रिकामे परतणे परवडणारे नव्हते. म्हणून तेल उतरवल्यावर टाक्या वाफेने धुऊन काढीत आणि त्यांत तांदुळासारखा खाण्याचा माल भरून नेत. म्हणजे आपल्या घराघरांत राख, चिंच आणि ऊन यांच्या साहाय्याने चाललेले जे काम, तेच काम जगातल्या अत्यंत प्रगत नौकेवर वाफेच्या साहाय्याने चालले होते. तेलाचे भांडे धुऊन त्यात धान्य भरायचे, ही युक्ती वेगवेगळ्या दोन जगांना स्वतंत्रपणे सुचली होती.

तथापि बेत फसला. स्वस्त तेल बंदरांवर येऊन पडले आणि खपेना. आडत्यांच्या तारा येऊ लागल्या, आणि लंडनच्या पेढीवर कोणाला कारण उमगेना. सॅम्युअल यांनी धरून चालले होते की गिऱ्हाईक आपापले भांडे घेऊन येईल आणि सुटे तेल भरून नेईल. गिऱ्हाइकाला मात्र तेलाबरोबर डबा हवा होता. स्टँडर्ड कंपनीच्या निळ्या डब्यांनी साऱ्या आशियात छपरापासून चहाच्या गाळणीपर्यंत अगणित वस्तू पुरवल्या होत्या. तो पुरवठा बंद करून, केवळ तेल स्वस्त देऊन, लोक राजी होणार नव्हते. खरे कारण ध्यानात आल्यावर सॅम्युअल यांनी वेळ दवडला नाही. पत्र्याने भरलेले जहाज पूर्वेकडे रवाना केले, आपल्या भागीदारांना तेथेच डबे बनवण्याचा हुकूम सोडला, आणि त्या डब्यांना झळझळीत लाल रंग दिला. नवा लाल डबा निळ्या डब्याशेजारी दुकानात मांडला गेला, तेव्हा कोठे बाकूच्या तेलाला गिऱ्हाईक लागले. वेष्टनाचा खर्च वाचवण्यासाठी ज्या माणसाने नवी जहाजे बांधली, कालव्याचे नियम बदलवले आणि बंदरोबंदरी टाक्या उभारल्या, त्याला अखेर वेष्टनच पुरवावे लागले.

तेलाच्या व्यापाराच्या इतिहासांत हा प्रसंग सॅम्युअल यांच्या चातुर्याची साक्ष म्हणून सांगितला जातो. चातुर्य होतेच, चूक कळताच ती सुधारणारा व्यापारी थोर, यात मला शंका नाही, आणि हे गृहस्थ १९०२ मध्ये लंडनचे लॉर्ड मेयरही झाले. परंतु माझ्या मते या प्रसंगाचा कर्ता लंडनमध्ये नव्हता. जिने कधी कंपनीला पत्र लिहिले नाही, जिचे नाव कोणत्या ताळेबंदात आले नाही, जिने फक्त दुकानाच्या पायरीवर उभे राहून ‘डबा नसेल तर नको’ एवढेच सांगितले, अशा आशियातल्या लाखो घरांतल्या बाईने हा निर्णय केला. वस्तू कोणती आणि वेष्टन कोणते, हे तिने ठरवले. रॉकफेलर आणि सॅम्युअल या दोघांनाही तिच्या व्यवहारज्ञानापुढे माथा लववावा लागला. आणि वसाहतीच्या त्या काळात, जेव्हा भाव, कर आणि कायदा यांपैकी काहीच आपल्या हाती नव्हते, तेव्हा आपली गृहिणी जागतिक व्यापाराला आपल्या अटीवर वळवीत होती, ही गोष्ट शाळेतल्या मुलांना कोणी शिकवत नाही याचे मला मनापासून वाईट वाटते.

मागणी इतकी अढळ राहिली, की पुढे त्या डब्यांसाठी आपल्या देशात एक कारखानाच उभा राहिला. १९२० मध्ये बर्मा ऑइल कंपनी आणि टाटांची पोलाद कंपनी यांनी मिळून जमशेदपूरजवळ गोलमुरी येथे टिनप्लेट कंपनी स्थापन केली. ब्रह्मदेशातल्या आणि आसामातल्या तेलाला डबे हवे होते, आणि त्यांचा पत्रा तोवर वेल्सहून येत होता. तापलेले पत्रे सांडशीने धरून रुळांमधून पुन:पुन्हा काढण्याचे तिथले काम भयंकर उष्णतेचे. १९२९ मध्ये तेथल्या मजुरांनी केलेला संप कित्येक महिने चालला, आणि सुभाषचंद्र बोस त्यांच्या बाजूने उभे राहिले. तेव्हा आपल्या पडवीतल्या डब्याच्या पत्र्यात एका मोठ्या लढ्याचाही अंश आहे, हे विसरू नये.

बाहेरच्या जगातही या डब्याने असेच संसार मांडले. ऑस्ट्रेलियातल्या दूरदूरच्या वस्त्यांत, विशेषत: १९३० नंतरच्या मंदीत, लोकांनी घासलेटच्या पेट्यांची कपाटे आणि डब्यांचे खण करून घरे सजवली. पूर्व आफ्रिकेत आपल्याकडच्या व्यापाऱ्यांबरोबर गेलेला डबा ‘डेबे’ या नावाने धान्याचे आणि कॉफीच्या फळांचे माप होऊन बसला. जपानात अठरा लिटरचा चौकोनी डबा तिथल्या जुन्या एका मापाशी जवळजवळ जुळला आणि आजही रंग, तेल आणि बिस्किटांसाठी चालू आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश फौजेने उत्तर आफ्रिकेच्या वाळवंटात पेट्रोल वाहायला याच जातीचे चार गॅलनांचे पातळ डबे वापरले. खडकाळ वाटेवर हादरून ते इतके गळत, की अखेर शत्रूच्या, म्हणजे जर्मनांच्या भक्कम डब्याची नक्कल करण्याची पाळी आली. पण गळका डबाही शिपायांनी टाकला नाही. तो अर्धा कापून, वाळू भरून, वर पेट्रोल ओतून त्यांनी त्यावर चहा उकळला. आपल्या मुलखातले कितीतरी जवान मराठा लाइट इन्फंट्रीतून आफ्रिकेच्या त्या मोहिमांत होते. त्यांना ही शेगडी शिकवण्याची गरज पडली नसेल.

घासलेटचा अंमल हळूहळू ओसरला. तेल टाकीतून, गाड्यांवरून आणि पुढे शिधावाटपाच्या दुकानांतून सुटे मिळू लागले. म्हणजे सॅम्युअल यांचा मूळ बेत साठ-सत्तर वर्षे उशिरा सिद्धीस गेला. वीज आली, आणि १९५५ पासून बर्मा-शेलने मुंबईत सिलिंडरमधला गॅस विकायला आरंभ केला. ती बर्मा-शेल १९७६ मध्ये सरकारने ताब्यात घेतली आणि आज ती भारत पेट्रोलियम आहे. घासलेट गेले, तरी डबा गेला नाही. १९३७ पासून बाजारात आलेल्या डालड्याने, मग शेंगदाण्याच्या, करडईच्या आणि सोयाबीनच्या तेलाने त्याच आकाराला आपले घर केले. आज किराणा दुकानात जो पंधरा किलो तेलाचा डबा मिळतो, ज्याचा भाव दिवाळीच्या आधी वर्तमानपत्रांत छापून येतो आणि ज्यावरून गृहिणी महिन्याचा हिशेब बांधते, तो त्याच घासलेटच्या डब्याचा थेट वंशज आहे.  तीच चौकट, तीच दुमड, तेच कोपऱ्यातले वाटोळे तोंड. आणि रिकाम्या डब्याला आजही किंमत आहे : धारावीत असे वापरलेले डबे धुऊन, ठोकून, पोचे काढून पुन्हा बाजारात पाठवण्याचा मोठा धंदा चालतो, ज्यावर शेकडो कुटुंबांची पोटे आहेत. प्लॅस्टिकचे कॅन आले खरे. पण ते फाटले की त्यांचे नरसाळे होत नाही आणि चिमणीही होत नाही.

बंधुभगिनींनो, माझी कळंबच्या या वाचनालयाला एक विनंती आहे, आणि तिच्यासाठीच मी हा विषय मुद्दाम येथे आणला. कळंब, निर्मळ, राजोडी, अर्नाळा या गावांतल्या जुन्या घरांच्या माळ्यांवर, गोठ्यांत, विहिरींच्या काठी, बंद पडलेल्या रहाटांच्या मागे असे डबे आणि त्यांच्या लाकडी पेट्यांच्या फळ्या असण्याचा पुष्कळ संभव आहे. घरे पाडून तेथे इमारती उठत आहेत आणि भंगारवाला रोज दारावर येतो आहे. शक्य तितके डबे त्याच्या आधी वाचनालयात यावेत. तळ आणि माथा नीट पुसून तेथे ठसा आहे का ते पाहावे. लाल किंवा निळ्या रंगाचा पापुद्रा असेल तर तो खरवडू नये. फळीवर काळ्या शाईचा छाप असेल तर ती पाण्याने धुऊ नये. माथा कोठे आणि कसा कापला आहे, दांड्याचे खिळे कोणते, डाख कारखान्याचा की गावच्या कारागिराचा, हे नोंदवून ठेवावे. आणि प्रत्येक डब्याबरोबर एक चिठ्ठी असावी, जिच्यात तो कोणत्या घरचा आणि त्या घरात तो कशाकशाला वापरला, हे त्या घरातल्या सर्वांत वृद्ध बाईला विचारून तिच्याच शब्दांत लिहिलेले असेल. तिने सांगितलेला उपयोग त्या चिठ्ठीत पहिल्या ओळीवर लिहावा, आणि कंपनीचे नाव त्याखाली.